हक्कसोडीची साडी

उमरग्याच्या रजिस्ट्री कचेरीत महेश्वरी भावाबरोबर रांगेत उभी होती. तिच्या पुढंही एक बहीणभाऊच होते.

"अक्का, रस आणू का गं? लई ऊन हाय."

"आण की शिवप्रसाद. वीस वरसांत माझं ऊन तुला आजच दिसलं."

"असं का बोलतीस? न्यायला दारात जीप आणली न्हाय का?"

"आणली की. आईच्या दिवसाला मात्र मी एस्टीत उभी राहून आले."

"बरं, साडी तरी आवडली का?"

"चार एकराला एक साडी. आवडायलाच पाहिजे."

नंबर आला. साहेबांनी विचारलं, "बाई, वडलांच्या जमिनीतला हक्क राजीखुशीनं सोडताय ना?"

"न्हाय साहेब. साडी तेवढी राजीखुशीनं घेतली."

महेश्वरीनं आपल्या भावाच्या हातातली साडीची पिशवी स्वतःकडं घेतली.