सुगिउरासानांचा टोचणारा आवाज

सन्माननीय अध्यक्ष ओगुरीसान, व्यासपीठावरील संचालक मंडळी, आज निवृत्त होणारे आमचे सुगिउरासान, त्यांच्या शेजारी बसलेल्या काकू आणि हामामात्सुच्या या कारखान्यातील माझ्या सहकाऱ्यांनो,

मी ध्वनी विभागातली चिनात्सु. आमच्या घरात पदवीपर्यंत पोहोचलेली मी पहिलीच. सभेत बोलायची सवय नाही, सांभाळून घ्या.

चाळीस वर्षांपूर्वी सुगिउरासानांनी एका सिंथेसायझरचे सूर नुसत्या कानाने घडवले. ते संगणकात जसेच्या तसे उतरवायचे काम दोन वर्षांपूर्वी मला मिळाले. नमुन्याला एकच वाद्य उरले होते. मी त्याचा सूर न् सूर मोजला. आलेख तंतोतंत जुळले. सगळे म्हणाले, वा, काय मऊ आवाज!

सुगिउरासान म्हणाले, "अगं, विद्यापीठात नुसतं मोजायलाच शिकवतात का? हा माझा आवाज नाही. माझा टोचायचा."

मी वाद्य उघडले. आतले भाग वयाने सुकले होते. इतके महिने मी आवाजाची नव्हे, त्याच्या म्हातारपणाची नक्कल करत होते. एवढी साधी गोष्ट मला सुचू नये? आजच्या बनावटीचे नवे भाग बसवले, तर तिसराच आवाज आला. कोऱ्या वाद्याचे ध्वनिमुद्रण कुणी ठेवलेच नव्हते. वाद्यच समोर असताना ठेवणार कशाला?

उरले त्यांचे कान. ते शेजारी बसले आणि मी वरचे सूर वाढवत गेले.

"अजून," ते म्हणाले. "अजून थोडा."

माझ्या कानांत कळ आली, तरी त्यांचे "अजून" चालूच. मी थांबले.

"दुखतंय तुला?"

"हो."

"मला तर काहीच येत नाही ऐकू." मग हसले. "भाताचा विजेचा कुकर बारीक पीं-पीं करतोय, असं बायको रोज ओरडते. मला वाटायचं, उगाच कटकट करते."

माफ करा हं, काकू.

काल मंजुरीचा कागद फिरला: 'मूळ आवाजाशी जुळतो.' सुगिउरासानांनी शिक्का मारला. मी विचारले, "खरं काय ते लिहू का?"

"लिही की. पण जुळवणार कशाशी?"

कागदावरचा माझ्या शिक्क्याचा चौकोन अजून कोरा आहे. सोमवारी विक्री सुरू होईल. हा समारंभ आटोपला की मीही शिक्का मारेन, आपल्या रीतीप्रमाणे वडीलधाऱ्यांच्या शिक्क्याकडे किंचित झुकवून, वाकून नमस्कार केल्यासारखा.

शांतपणे ऐकलेत, आभारी आहे. बोलण्यात काही उणे-अधिक झाले असेल, तर पोटात घाला. शिक्क्याचे मात्र घालू नका.