गाळलेलं रीळ

माजं नाव मल्लिनाथ, जन्म हितलाच, सोलापूरच्या शुक्रवार पेठेतला. वडलांचं ज्वारी-डाळीचं दुकान. घरात कानडी, गल्लीत मराठी, त्यामुळं बाई, मी मराठी बोललो की समोरचा आधी हसायचा, मग ऐकायचा. तुमच्या नातवंडांसाठी लिवताय तर पयलं हेच लिवा. गणपतीच्या मेळ्यात एकदा फौजदाराचं सोंग घेतलं, टाळ्या पडल्या, आन् तितनं माजं दुकानातलं ध्यान उडालं ते उडालंच.

पिक्चरसाठी कोल्हापूरला गेलो. काय सांगू तुम्हाला, मिळंल ते काम केलं, पाटलाचा गडी झालो, पंगतीतला पाव्हणा झालो, नवरीचा मामा झालो. डायरेक्टर म्हणायचे, मल्लू, तुजं तोंड लई कामाचं, कुणाच्या ध्यानातच ऱ्हात न्हाई, मिशी लावली की त्याच पिक्चरमध्ये दुसऱ्यांदा चालतोस. मी पण हसायचो. खोलीवर आलो की मात्र आरशात बघत बसायचो, खरंच काय न्हाई का ह्या तोंडात.

बायको पार्वती मंगळवेढ्याची. मी महिनोन्महिने भायेर, पोरबाळ न्हाई, म्हणून ती भावाकडंच असायची. गावातल्या बाया विचारायच्या, मालक काय करतात गं? ती म्हणायची, पिक्चरमध्ये हायत. मेव्हणा लगेच म्हणायचा, व्हय की, कुटल्या झाडामागं हायत तेवढं विचारा. तिनं मला कधी टोचलं न्हाई. एकदाच म्हणाली, अवो, एकदा मला धड दिसा, मग कुणाला काय म्हणायचं ते म्हणूद्या.

आन् मिळालं की तसं काम! हिरोचा दोस्त, साप चावून मरतो, मरताना हिरोच्या मांडीवर डोकं ठेवून मनातलं सगळं बोलतो. पानभर बोलणं. महिनाभर पाठ केलं, कानडी हेल जावा म्हणून रस्त्यानं चालताना पण तेच, लोक वळून बघायचे. शूटिंगला दिवे धरणारा माणूस रडला, बाई. दिवे धरणारा, ज्यानं असली शंभर मरणं बघितली.

मंगळवेढ्याच्या जत्रंत तंबूचं थेटर आलं, तितं तोच पिक्चर. मी इस्त्रीचा सदरा घालून एसटीनं गेलो. संध्याकाळचा पहिला खेळ. मधी दोरी, अलीकडं पुरुष, पलीकडं बायका. पार्वती शेजारणींना घेऊन दोरीला लागूनच बसलेली. पिक्चर चालू झालं, हिरो शेताला निघाला, मागं मी, पाठमोरा. तिनं माज्याकडं बघितलं, मी खुणावलं, थांब की, पुढं हाय. आन् एकदम पडद्यावर चिता पेटलेली, हिरो दोस्ताच्या नावानं ऊर बडवतोय. म्हणजे मी आलोच न्हाई आन् मेलो! सगळा तंबू विचारतोय, कोण मेलं रं, कोण मेलं? मेव्हणा मोठ्यानं म्हणाला, दाजी, तुमीच गेला वाटतं, उठा, घरला चला. लोक हसून लोळले.

मी मशीनवाल्याकडं गेलो. भायेर दुसऱ्या खेळाची माणसं दाटलेली, मग तंबूवाले खेळ आटपाया एक रीळ गाळतात. नाचाला, मारामारीला हात लावत न्हाईत, बोलण्याचं काढतात. मी म्हणालो, त्यात मी हुतो. तो म्हणाला, त्यात एक माणूस नुसता बोलत बोलत मरतोय, लोक बिडी वढाया भायेर जातात, तुमी हुता व्हय?

घरला आलो. भाकरी वाढताना पार्वती म्हणाली, अवो, काय बोलला हुता त्यात? मला हितंच सांगा की. मला लाज वाटली का राग आला, अजून कळत न्हाई. मी म्हणालो, ते काय ताटापुढं बोलायचं हाय का, बघ कवातरी पडद्यावर. ती बरं म्हणाली.

पुढं मुंबईला टीव्ही आला. तितल्या नाटकांत पोस्टमन झालो, डॉक्टर झालो. तिला कार्ड टाकायचो, अमक्या वारी मी टीव्हीवर हाय. आता सोलापुरात टीव्ही न्हाई तर मंगळवेढ्यात कुटनं येणार? तरी टाकायचो. तिनं भावाकडनं लिवून घेतलं, बघायला काय मिळंना, पण घरला याल तवा ते मरतानाचं बोलणं तेवढं म्हणून दाखवा. मी मनात म्हणालो, हातातलं काम झालं की जातो. मग तार आली. काविळीनं गेली. मातीला पण पोचलो न्हाई मी.

आता दुकानात बसतो, ज्वारी मापून देतो. गिऱ्हाईक ओळखत न्हाई, बरंच हाय ते. मघाशी तुमी म्हणाला, ते बोलणं म्हणून दाखवा. तिच्यानंतर विचारणाऱ्या तुमीच, बाई. पण सुरवात तेवढी येते, दोस्त म्हणतो, गड्या, मला जरा उठवून बसव. पुढचं गेलं. लई आठवतो, न्हाई येत. तिला त्या दिवशी सांगितलं असतं तर एका माणसापुरता तरी नट झालो असतो.

असूद्या. तुमची नातवंडं लांबच्या मुलखात हायत. सुखात ऱ्हावोत, आन् संध्याकाळी घरी आल्यावर त्यांना विचारणारं माणूस मिळो.