लक्ष्मीपूजनातला जर्मन बैल

देवयानी : आई, खरं सांगा, कशाने घासलंत?

अरुणा : टूथपेस्टने. अगं, लक्ष्मीपूजनाला घरातली सगळी चांदी घासायची असते. निरांजनं, पंचपात्र, विहानचे वाळे. त्यात हे एवढंसं काळंकुट्ट नाणं. म्हटलं, यानेच काय घोडं मारलंय?

देवयानी : ते आपलं नाहीये हो. माझी मैत्रीण मिल्का आहे ना, तिच्या वडिलांचं आहे. सहाशे वर्षांपूर्वीचं, जर्मनीतलं. शनिवारी इथे लंडनमध्येच, हॅरोच्या लायब्ररीत त्यांच्या कॉइन क्लबचं प्रदर्शन आहे. फोटो काढायला म्हणून तिने माझ्याकडे दिलं होतं.

अरुणा : मग आता फोटो छान येईल की.

देवयानी : जुन्या नाण्याची शान त्या काळेपणातच असते. घासलेलं नाणं बघून क्लबातली मंडळी तोंड फिरवतात.

अरुणा : काय तरी एकेक. आणि वाकवलं नाही हो मी. पानासारखं पातळ आहे, एकाच बाजूला ठसा. नुसत्या बोटाने घासलं.

देवयानी : आणि हे लाल-पिवळं?

अरुणा : हळदकुंकू. घासल्यावर बैल दिसला. नंदी घरात आल्यावर तसाच ठेवू?

देवयानी : नंदी नाही तो. मेकलेनबुर्गच्या सरदारांच्या ढालीवरचं चिन्ह आहे. मिल्काचे वडील सांगायचे.

अरुणा : मुकुट घातलाय त्याला. आपण पोळ्याला बाशिंग बांधतो, तसाच. शहाणे दिसतात सरदार.

(दाराची बेल वाजते.)

देवयानी : आली ती. वडील जाऊन वर्षही झालं नाही. आता हिला काय तोंड दाखवू मी?

अरुणा : तू गप्प बस. घासलं मी, सांगेन मी.

मिल्का : हॅपी दिवाळी, आंटी. पूजा झाला?

अरुणा : झाली गं. बस, चकली घे. मिल्का, माझ्या हातून एक चूक झालीय. तुझ्या वडिलांचं नाणं मी घासून लख्ख केलं. मला ठाऊक नव्हतं. रागवायचं तर माझ्यावर रागव, हिच्यावर नको.

मिल्का : घासलं? ओ नो. दाखवा.

देवयानी : सॉरी, मिल्का. क्लबला मी स्वतः फोन करते, त्यांना...

मिल्का : थांब. लाइटखाली धर. हे... हे शिंगं आहेत?

अरुणा : शिंगं, आणि वर मुकुट. खाचांत कुंकू बसलंय ना, म्हणून उठून दिसतंय.

मिल्का : क्लबमध्ये सगळे डॅडीला हसायचे. रुबेन, तुझा बैल पळून गेला, म्हणायचे. नुसता काळा डाग होता. डॅडी टीव्ही बघताना त्याच्यावर अंगठा फिरवत बसायचे. म्हणायचे, मिल्का, आहे तो, हाताला लागतो. मला कधीच दिसला नाही.

देवयानी : कुंकू पुसून देऊ का?

मिल्का : नको, असू दे. शनिवारी असाच ठेवते. क्लबवाले ओरडतील. ओरडू दे. आंटी, तुम्ही येणार ना?

अरुणा : येईन की. पण कुणी घासलं विचारलं, तर काय सांगू?

मिल्का : सांगा, अर्धं रुबेनने घासलं, अंगठ्याने. उरलेलं तुम्ही.