अँकरबाईंचं काजळ

नाही गं, झाकायचं नाहीये, तेच तर सांगतेय — डोळ्यांखालची काळी वर्तुळं आणखी गडद करा, असा वरून निरोप आहे. शी! आई थकलेली दिसली पाहिजे म्हणे. मान वर कर. आणि हे काजळ बघितलंस? थेंबभर पाणी लागलं की गालभर पसरतं. अँकरबाईंचं वेगळं, ते जागचं हलत नाही. कार्यक्रमात येणाऱ्या आयांना मात्र हे — का, तर ओघळ दिसला की लोक चॅनल बदलत नाहीत! मढ्याच्या टाळूवरचं लोणी खाणारी जात — आणि मी त्यांचंच मीठ खाते, मी कुणाला बोलू?

काय? तुझा तो व्हिडिओ काढून टाकायला लावतो म्हणाले हे चॅनलवाले? अगं वेडे, तू जाऊन बसलीस की मागच्या पडद्यावर पहिला तोच लावतील — बाळावर ओरडतानाचा. मोबाइलवर काढला कुणी तो? नणंदेनं? वाटलंच. परकं माणूस कुठं येतंय आपल्या स्वयंपाकघरात! तो दुसरा बघितलास ना — बाई बसल्याबसल्या पेंगते, बाळाची बाटली आपल्याच तोंडात घालते, वर हसण्याचे आवाज घातलेत? ...हसलीस. सगळेच हसतात. हलू नकोस, पेन्सिल डोळ्यात जाईल. ...मीच ती. नवऱ्यानं काढला. अजून दाखवतो पाहुण्यांना.

असू दे गं, तू काय करणार! दवाखान्यातली नर्सबाई मला धरून घेऊन गेली — बायकांचं मदत केंद्र आहे, पैसे घेत नाहीत. त्यांनी तक्रार केली, इंटरनेटवरून व्हिडिओ उतरवला. कुणी मेला परत चढवतो, त्या परत उतरवतात. पण आधी काय विचारलं माहितीये? "जेवलीस का?" घरात कुणी विचारलं नव्हतं — तिथंच रडले मी, कॅमेऱ्याशिवाय. मनगट दे. भुवयांच्या पेन्सिलनं त्यांचा नंबर लिहिते, बाहीखाली झाकला जाईल.

मागचं दार उघडं आहे, जातेस? ...नाही? बोलायचंच आहे? बरं. मग पूस ते सगळं, पूस म्हणते ना! डोळे मीट. अँकरबाईंचं लावते तुला — ओरडतील, ओरडू देत. रड खुशाल, पण ओघळ नाही मिळायचा त्यांना.

हो हो, झाली तयार, दार कशाला बडवता! — ऊठ. बाही खाली घे. जा.