सावळाईपुढचा दगड

मंडळी, घटकाभर माझ्याकडे पाहू नका. पूर्वेच्या दाराकडे पाहा.

ऊन येत आहे. आपण काकडा ओवाळत होतो तेव्हा ते कळसावर होते. कुणाचेच लक्ष नव्हते. मग ते पिंपळाच्या शेंड्यावर उतरले, मग भिंतीच्या चुन्यावर, आणि आता दाराबाहेर आपण काढून ठेवलेल्या वहाणांपाशी थबकले आहे. पाटलांच्या करकरीत नव्या जोड्यावर पडले आहे, आणि जिचा अंगठा सुतळीने बांधलेला आहे त्या वहाणेवरही पडले आहे. त्याला निवड करता येत नाही. आता ते उंबरा ओलांडेल, सतरंजीवर सरकेल, टाळाच्या कडेवर क्षणभर ठिणगीसारखे थांबेल आणि समईची ज्योत हळूच फिकी करून टाकेल. रोजचेच ऊन आहे. त्यात नवे काही नाही. पण असल्या उन्हात एकदा एका माणसाचे बूट चमकले होते, आणि त्या चमकेने त्याचा जन्मभर पाठलाग केला.

एक प्रश्न विचारतो. पैलतीरावर जो उभा दिसतो, तो तरून आला असे म्हणावे काय?

घाई नको! बापूसाहेब, तुम्ही तर प्रश्न पुरता होण्याआधीच मान डोलावली!

ऐका तर. कंपनी सरकारच्या काळात एडमंड थॉर्नबी नावाचा बावीस वर्षांचा लेफ्टनंट विलायतेहून आला. लाल डगला, सोनेरी मिशी, आणि बूट असे की त्यांत पाहून भांग पाडावा! देशी भाषेतले त्याला दोनच शब्द येत — ‘जल्दी’ आणि ‘चूप’. एवढ्या भांडवलावर माणूस आपल्यावर राज्य करू शकत होता, मंडळी. हसू नका, राज्य करून घेणारे कोण होते?

सावळी नदीपलीकडे बोरदऱ्याला एका बंडखोर सरदाराची गढी होती. ती घ्यायला थॉर्नबीची तुकडी निघाली. नदीला कमरेभर पाणी, आणि ओढ अशी की उभा माणूस आडवा व्हावा. तुकडीत त्याच काठचे दोन भाऊ होते — थोरला नावजी लांघी, धाकटा धर्मा. जातीचे कोळी, पाण्यात वाढलेले.

आता त्या काठची रीत समजून घ्या, कारण सारे आख्यान तिच्यावर उभे आहे. ओढीच्या पाण्यात उतरताना तिथला माणूस खांद्यावर जड दगड घेतो. होय, दगड! तुम्ही-आम्ही अंग हलके करायला पाहू; तो जड करतो. वजनाने पाय तळाशी रुततात, आणि पाणी उपटू पाहते तरी उपटत नाही. पलीकडे पोचले की तो दगड सावळाई देवीच्या ठाण्यापुढे मांडायचा, त्यावर आपल्या घराची खूण कोरायची. ज्याचा दगड देवीपुढे, तो नदी उतरला. दुसरा दाखला नाही.

पहाटे नावजी उतरला. कमरेला दोर, खांद्यावर दगड. पलीकडे पोचला, दोर उंबराला बांधला, दगड देवीपुढे ठेवून त्यावर लांघ्यांची खूण कोरली — मासा. मग एकेक शिपाई दोर धरून, दगड घेऊन उतरू लागला. साहेब मात्र अलीकडेच! एकदा पुढे होई, पाण्याकडे पाही, दोन पावले मागे येई.

धर्मा दगड खांद्यावर घेऊन शेवटी उभा होता. तो म्हणाला, “सायेब, पानी वाढतंय. चला.”

“नाव! नाव मंगाव!” भीतीने साहेबाची भाषा एकदम सुधारली!

“नाव कुठली हितं? बसा खांद्यावर.”

धर्माने दगड खाली ठेवला आणि साहेब उचलला. वजनात फारसा फरक नव्हता. एवढेच, की दगड ओरडत नाही! मध्यावर आले तेव्हा डोंगराआडून ऊन वर आले. धर्माच्या छातीवर दोन बूट लोंबत होते, आणि त्यांच्या पॉलिशवर ते कोवळे ऊन लखलखत होते. त्याच क्षणी वरून एक ओंडका वाहत आला. नावजी भावाला हात द्यायला उलटा पाण्यात शिरला होता. ओंडक्याचा घाव त्याने छातीवर घेतला. धर्माने पाहिले, पण खांद्यावर साहेब होता. हात सोडता येईना.

नावजी पुन्हा दिसला नाही.

आणि गढी? गढी रिकामी होती! सरदार आदल्या दिवशीच निघून गेला होता. आत एक लंगडी शेळी सापडली. या घनघोर युद्धाचा खलिता साहेबाने स्वतः लिहिला — ‘लेफ्टनंट थॉर्नबी दोर घेऊन सर्वांच्या आधी नदी पार झाले.’

झाले! त्या एका ओळीवर माणूस चढत गेला. लेफ्टनंट होता तेव्हा सावळी शंभर हात रुंद होती. कॅप्टन झाला, ती दोनशे हात झाली. कर्नल झाला, तिच्यात मगरी आल्या! जनरल झाल्यावर तर पैलतीर दिसेनासा झाला. नदी बिचारी होती तेवढीच राहिली, मंडळी. साहेबाची बढती तिला सोसावी लागली.

धर्मा हवालदार झाला. त्याचे मागणे एकच. कॅप्टनसाहेबापुढे त्याने दुभाष्यामार्फत अर्ज केला — कागदात माझ्या भावाचे नाव घाला. साहेब म्हणाला, “पुढे पाहू.” कर्नलसाहेबापुढे केला. साहेब म्हणाला, “कोण भाऊ?” मंडळी, या दोन शब्दांत केवढा माणूस बुडवता येतो पाहा! नदीला त्याहून अधिक वेळ लागला होता.

एकतीस वर्षे लोटली. जनरल थॉर्नबी विलायतेला परतणार, म्हणून पलटणीने त्याच्या नावाची संगमरवराची शिळा घडवली. सावळीच्या पैलतीरी, देवीच्या जागेत ती बसवायची. आता पूल झाला होता. साहेब पुलावरून बग्गीतून आले. छाती पदकांनी भरलेली. म्हातारा धर्मा शिपायांच्या रांगेत.

सावळाईचा गुरव, दगडू त्याचे नाव, आडवा झाला. म्हणाला, “शिळा बसवा की! पर आमची रीत हाय. ज्याचा दगड देवीपुढं, त्याचंच नाव हितं. सायेब, तुमचा दगुड कंचा?”

दुभाष्याने सांगितले. साहेबाचा चेहरा शिळेसारखा झाला.

“माझा दगड वाहून गेला.”

गुरव हसला. “दगुड वाहून जात न्हाई, सायेब. म्हनून तर घेत्यात!”

तेव्हा साहेबाने काय करावे? हातातली छडी उचलली आणि ओळीतल्या पहिल्या, सर्वांत मोठ्या दगडाकडे दाखवली — “तो!”

गुरवाने वाकून दगडावरची फुले बाजूला केली. खाली मासा कोरलेला होता.

“ही तर लांघ्यांची खून. धर्मा, कुनाचा रं ह्यो?”

धर्मा रांगेतून बाहेर आला. ताठ उभा राहून त्याने सलाम केला. “माझ्या भावाचा. नावजीचा.”

“आन तुझा कुठं हाय? तूबी त्याच दिशी उतरलास न्हवं?”

“माझा न्हाई हितं,” धर्मा म्हणाला. “मी खांद्यावरनं जे आनलं, ते ह्ये समोर हुबं हाय.”

एक शिपाई हसला. मग दुसरा. मग सारी रांग! दुभाष्या तेवढा गप्प राहिला. पण काही हसणी भाषांतरावाचून कळतात.

साहेबाने “चूप!” म्हटले. एकतीस वर्षांनीही शब्द तोच. एक वाक्य बोलला असता — होय, हा दगड त्याचा — तर ती सारी पदके खरी झाली असती असे मला कधी कधी वाटते. नाही बोलला. बग्गी वळवली. शिळा बैलगाडीतून परत गेली, आणि देवीपुढचे पहिले फूल अजून त्या माशावर पडते.

विलायतेत साहेबाने आपली मोठी तसबीर काढवून घेतली. मागे नदी, हाती दोर. चित्रकाराला त्याने बजावले, “बूट ओले दाखव. पाणी ठिबकताना दाखव.” मेला तेव्हा ती समोरच्या भिंतीवर होती. त्या ठिबकत्या बुटांकडे पाहत मेला.

आता साहेबाला हसून झाले असेल तर आपल्याकडे वळू. आज तुमच्या ताटात भाकरी आली, ती कुणी पहाटे उठून थापली? तुमच्या नावावरच्या विहिरीत सुरुंग कुणी लावला? पाटील, देवळाच्या या पायरीवर तुमचे नाव आहे. दगड कुणाच्या खांद्यावरून आला? आणि मी तरी कोण? हे आख्यान माझ्या गुरुजींचे, आणि तुम्ही माना माझ्यापुढे डोलावता आहात! ऊन आता उंबऱ्याच्या आत आले आहे. घरी जाताना वहाणा पायात घालण्याआधी जरा हात लावून पाहा, ओल आहे का. मग सांगा, आपण तरलो की कुणी आपल्याला तारले.

साहेबाने ते अखेरपर्यंत कबूल केले नाही. सावळीच्या त्या तीरावर, त्या सकाळी, त्याचे बूट कोरडे होते.