कंगवा

श्रीरामपूरच्या एक्स-रे सेंटरात सुनीतीबाई दुखरा हात सांभाळत नंबराची वाट पाहत होत्या. शेजारी दोन म्हातारे बोलत होते, आणि कान काही मिटता येत नाहीत.

"बाबाजान, ओळखलंत? मी शामकांत. कॅमेऱ्याच्या रोलचा एजंट."

"तुमाला कसं इसरंन? मोबाईल कितीबी येऊ द्या, रोल बंद व्हायचा न्हाई, म्हनला हुता."

"मलाही कंपनीनं तेच सांगितलं होतं."

"तुमच्या शब्दावर मी स्टुडिओ वाढवला. आता तिथं मोबाईलचंच दुकान हाय."

"रोल बंद झाला त्याच वर्षी मलाही घरी बसवलं."

"आन् कंपनी?"

"तिला काय होतंय? एक्स-रेच्या फिल्मा काढते. तुमच्या हातातल्या जुन्या एक्स-रेच्या पाकिटावर बघा, तिचंच नाव."

"व्हय की! म्हंजी आता आपल्या दुखन्यावर चाललंय तिचं."

आतून बाबाजानच्या नावाचा पुकारा झाला.

"अहो, कंगवा कशाला काढताय? छातीचा फोटो आहे."

"स्टुडिओत कुनाला इस्कटल्या केसानं बसू दिलं न्हाई मी. धरा, तुमीबी फिरवून घ्या."

"माझा तर गुडघ्याचा आहे, बाबाजान."

"असू द्या. आपल्याच कंपनीचा फोटो हाय."