म्होरक्या बैलाची घंटी

सेनगावच्या स्टँडवर देविदासनं पेपर उघडला होता, पण कान मागच्या बाकावरच्या मायलेकींकडं होते. लेक विमान चालवायला शिकायला निघाली होती आणि तिची बॅग जिवनबाईनं मांडीवर घट्ट धरून ठेवली होती.

"धुक्यात खालचं दिसलं न्हाई तर कशी उतरशील गं, रुपा?"

"उपग्रह वाट दाखवतो, याडी."

"तुह्या पणज्याच्या म्होरक्या बैलावानी? त्याच्या घंटीमागं समदा तांडा चालायचा."

"व्हय, पण ठरलेल्या उंचीपर्यंतच. तिथून धावपट्टी दिसली न्हाई, तर परत वर जायचं."

"मंग साहेब रागवत असतील."

"काहून रागवतील? न दिसता तसंच खाली गेलं, तर रागवतात."

फलाटाला गाडी लागली. जिवनबाईनं बॅग लेकीच्या हाती दिली.

"मंग तिकडं तुला जमलं न्हाई, तर तू बी परत ये, बाई. इथं कोणी रागवणार न्हाई."